बारावी फासळी

सोमवार, ६ जानेवारी

सुताच्या व्यापाऱ्यानं नव्या वर्षाच्या डायऱ्या दिल्या. कुमारला मोठी, पानापानावर सोनेरी कड असलेली. मला छोटी. कुमारला लिहायची सवय नाही, त्याची कोरीच राहणार. मी मात्र हट्टानं लिहिणार आहे. लाईट गेली की वडगावातले माग थांबतात, तेव्हा वेळच वेळ असतो.

आज पिरनवाडीची एक मुलगी आली, रचना नावाची. हातात कुंद्याच्या मिठाईचा डबा. मी खूश झालो. तिनं झाकण काढलं तर आत कापूस, आणि कापसात एक दगड. दगडावर गोमेसारखं काहीतरी बसलेलं, तेही दगडाचंच.

"नक्षी काढणारे कुमार इथंच बसतात ना?"

"जेवायला गेलाय. मी हाय की."

"तुम्ही काय करता?"

मी सांगितलं. कुमार चौकटीच्या कागदावर, म्हणजे ग्राफवर, नक्षी काढतो. ती बघून मी पुठ्ठ्याच्या कार्डांना भोकं पाडतो. कार्डांची माळ मागावर चढते आणि जिथं भोक असेल तिथला धागा उचलला जातो. एक कार्ड म्हणजे साडीतला आडवा एक धागा. बाकी सगळे कॉम्प्युटरवर गेले, पण यल्लव्वाच्या हातमागावर अजून आमचीच कार्डं चालतात. एक भोक चुकलं तर मोराची चोच जाते. चाळीस वर्षांत माझं एक भोक चुकलेलं नाही.

"अच्छा, म्हणजे भोकं पाडता," ती म्हणाली.

चाळीस वर्षांचं तिनं चार शब्दांत आटोपलं. वहीत लिहायला तिनं माझं नाव विचारलं. मी म्हटलं, "नाव काय करायचंय? भोकं पाडणारा म्हणून लिहा." तिनं वही मिटली. कुमार येईपर्यंत मग ती मोबाइल बघत बसली.

बुधवार, ८ जानेवारी

काम असं आहे. रचनाच्या कॉलेजातल्या माधवी मॅडम अठ्ठावीस फेब्रुवारीला निवृत्त होतात. तीस वर्षं भूगर्भशास्त्र शिकवलं. जुन्या विद्यार्थ्यांनी मिळून त्यांना साडी द्यायचं ठरवलंय आणि पदरावर हे जनावर पाहिजे. दगड मॅडमचाच, त्यांच्या कपाटातून गुपचूप आणलेला. आयुष्यभर वर्गात तोच हातात धरून त्यांनी शिकवलं म्हणे.

जनावराचं नाव फॅकॉप्स. ट्रायलोबाइट म्हणून समुद्रातल्या जनावरांचं मोठं खानदान होतं, त्यातली ही एक शाखा. चाळीस कोटी वर्षांपूर्वीचं. आता त्या खानदानातलं कोणीच उरलेलं नाही. भीती वाटली की हे अंगाचं मुटकुळं करायचं, आपल्याकडं पावसाळ्यात वाणी नावाचा किडा करतो तसं. डोळे मोठे, आणि त्यांची भिंगं चक्क दगडी, म्हणून अजून टिकली. मी विचारलं, आपल्या बेळगावात सापडतं का? रचना म्हणाली, नाही, आपल्याकडचा दगड एक तर त्याच्या फार आधीचा, नाही तर फार नंतरचा. मला ते पटलं. माझंही तसंच झालंय, कुठंच वेळेवर नाही.

कुमारनं दगड हातात घेतला आणि डोळे मिटले. मोठा साधूच लागून गेलाय. बोटांनी चाचपत बसला, अर्धा तास. मग मला म्हणाला, "नागेंद्र, फासळ्या मोज की रं."

मी मोजल्या. अकरा.

"परत मोज."

अकरा.

"मधल्या भागात न्हवं? डोस्कं आन शेपटी सोडून?"

तिसऱ्यांदा मोजल्या. अकराच. मी काय त्याचा कारकून आहे? पण मुलीसमोर काय बोलणार. ती म्हणाली, "अकराच पाहिजेत हां. फॅकॉप्सला अकराच असतात. बारा झाल्या तर ते फॅकॉप्सच नाही. मॅडम पदर हातात आला की आधी मोजतील."

ते वाक्य माझ्या डोक्यात का राहिलंय, कळत नाही.

शनिवार, ११ जानेवारी

कुमारनं काळा चष्मा घेतलाय. खोलीत बसूनसुद्धा काढत नाही. या वयात हिरो व्हायचं सुचलंय. काल बाजारात मी समोरून आलो, हात वर केला, तर साहेब सरळ निघून गेले. ओळखच नाही.

आणि निपाणीच्या फेऱ्या वाढल्यात. त्याची लेक आरोही तिथं दिली आहे हे खरं, पण आठवड्यातून दोनदा? आमच्या गल्लीतला भावकू टेम्पो चालवतो. तो म्हणाला, कोगनोळीच्या नाक्यावर कुमारला जावयाच्या गाडीत बघितलं, गाडी कोल्हापूरच्या बाजूला गेली. म्हणजे हा कोल्हापूरचे व्यापारी धरतोय. मला एका शब्दानं सांगितलेलं नाही. नक्षी त्याची, व्यापारी त्याचे, मी आहेच पुठ्ठे टोचायला.

बायकोला, शालूला, हे बोललो. ती भाकरी थापत होती. म्हणाली, "कधी इचारलं का त्यास्नी, बरं हाय का म्हणून?"

काय विचारायचं? माझ्यापेक्षा बरंच आहे त्याचं.

मंगळवार, १४ जानेवारी

संक्रांत. कुमार घरी आला. शालूला तिळगूळ दिला. मग माझ्याकडे वळून हात पुढं केला, तो माझ्या हातापासून वीतभर लांब. मी हात पसरून उभा आणि तिळगूळ पडला फरशीवर. "गोड बोल," म्हणाला, आणि हसला. वर हसला!

मी वाकून उचलला नाही. शालूनं उचलला, फुंकला आणि खाल्ला, माझ्याकडे डोळे वटारून बघत.

सोमवार, २० जानेवारी

ग्राफ आला.

खोटं कशाला लिहू, ही डायरी कोण वाचणार आहे. ग्राफ बघून माझ्या पोटात दुखलं. खरोखरचं, बेंबीच्या वर. या वेळी त्यानं मोठ्या चौकटीचा कागद घेतला, नेहमीच्या दुप्पट, आणि बारीक पेन सोडून जाड स्केचपेन. दाखवायची हौस. पण जनावर असं बसवलंय की आता हलेल. फासळ्या डोक्याकडून शेपटीकडे हळूहळू निमुळत्या होत जातात. आणि डोळा! डोळा त्यानं सगळा भरलेला नाही. एक चौकट भरलेली, एक मोकळी, एक भरलेली, एक मोकळी, आणि लांबून बघितलं की ती भिंगं आपल्याकडे बघतात. मला शंभर जन्मांत सुचलं नसतं.

हे काय मला आज कळलं? शाळेत असताना आम्ही दोघं एकाच पाटीवर चित्रं काढायचो. मास्तरांनी त्याची पाटी वर्गात फिरवली आणि माझ्याकडे बघून म्हणाले, तुझा हात सरळ रेषेला बरा. तेव्हापासून मी सरळ रेषेत भोकं पाडतोय.

संध्याकाळी रचना आली. समारंभाच्या कार्यक्रमपत्रिकेचा मजकूर मोबाइलवर दाखवला. 'नक्षी : कुमार. विणकाम : यल्लव्वा.' संपलं. मी दोनदा वाचलं. यल्लव्वाचं नाव आहे, हॉलच्या मालकाचं आहे, चहावाल्याचेही आभार आहेत.

कुमार म्हणाला, "वाच की रं, काय लिवलंय?" स्वतःचं नाव दुसऱ्याच्या तोंडून ऐकायची गोडी. मी वाचून दाखवलं. तो म्हणाला, "आन तुझं?" मी म्हटलं, "मला नको." मग रचनाही म्हणाली, "काकांनी आधीच नको म्हटलंय."

मागितल्याशिवाय आईसुद्धा वाढत नाही म्हणतात. पण मागायचं काय म्हणून?

गुरुवार, २३ जानेवारी

केलं.

एक फासळी म्हणजे आठ कार्डं. सहावी आणि सातवी यांच्यामध्ये आणखी आठ कार्डं पाडून माळेत ओवली. बारा फासळ्या. आधी वाटलं, सहावीचीच आठ पुन्हा पाडावीत, पाच मिनिटांचं काम. पण मग एकाच रुंदीच्या दोन फासळ्या लागोपाठ आल्या असत्या आणि यल्लव्वाच्या लगेच ध्यानात आलं असतं. म्हणून कोरा ग्राफ घेतला. दोन्ही अंगांनी एकेक भोक आत घेऊन, सहावीपेक्षा किंचित अरुंद आणि सातवीपेक्षा किंचित रुंद अशी फासळी बसवली. तीनदा खोडली. चौथ्यांदा जमली. दुपारचं जेवण राहिलं हे शालूनं हाक मारल्यावर कळलं.

मॅडम पदर हातात घेतील. मोजतील. बारा. मग सगळ्या हॉलसमोर कळेल की कुमारला अकरापर्यंत मोजता येत नाही.

माळ ओवून झाल्यावर कुमारला म्हटलं, "तपासून बघतोस?" तो म्हणाला, "तू पाडलंस म्हंजे झालं. मी काय बघायचं त्यात?"

बघायच्या लायकीचंसुद्धा वाटत नाही त्याला माझं काम. तेवढ्यावर माझी उरलीसुरली लाजही गेली.

रविवार, २ फेब्रुवारी

यल्लव्वाच्या मागावर पदर चढलाय. तीन जनावरं शेजारी शेजारी, मोरपंखी जमिनीवर तांबूस जर. येणारा जाणारा थांबून बघतो. यल्लव्वा म्हणाली, "भाळ छलो! लई भारी! डोळा बगा की, कसा बगतोय! कुमारअण्णांचा हात म्हंजे हातच."

मी बारावी फासळी बघत होतो. कोणालाच ओळखू येत नाही. मला आनंद व्हायला हवा. झालाही. पण मग राग आला. एवढी बेमालूम बसवली आणि एकालाही दिसू नये? यल्लव्वाला म्हटलं, "मधल्या फासळ्या कशा वाटत्यात?" ती म्हणाली, "सगळ्या सारख्याच की." तिथंही कुमारच्याच खात्यात गेलं.

सोमवार, १० फेब्रुवारी

साडी उतरली. कुमार बघायला आला, भिंतीला हात लावत लावत, यल्लव्वाच्या घरात जसा काही पहिल्यांदाच येतोय. पदर मांडीवर घेतला आणि उलटा केला. मागच्या बाजूला जरीचे धागे हाताला लागतात. डोक्यापासून बोट खाली नेत गेला. ओठ हलत होते. शेपटीशी थांबला. पुन्हा वर गेला. पुन्हा खाली आला.

चष्मा काढला. डोळे लाल आणि पाण्यानं भरलेले.

"नागेंद्र, गिराफात किती व्हत्या रं?"

माझ्या तोंडून निघालं, "तू काढल्यास तेवढ्याच."

तो "व्हय" म्हणाला, पदराची घडी केली, नीट, काठाला काठ लावून, आणि गेला. उंबऱ्याला ठेचकाळला.

मी हेच मागितलं होतं. मग जेवण का गेलं नाही?

बुधवार, १२ फेब्रुवारी

आरोही आली होती. निपाणीहून, नवऱ्याच्या गाडीतून. डिकीतून कुमारची उतरती फळी काढली, जिच्यावर तो ग्राफ काढतो ती. भिंग काढलं. पेनांचा डबा काढला. सगळं माझ्या टेबलावर ठेवलं.

"बाबांनी तुमच्याकडं द्यायला सांगितलंय, काका. आता नक्षी तुम्हीच काढायची म्हणाले."

मी म्हटलं, "आन त्यो?"

तिनं माझ्याकडे असं बघितलं की मी खुळा आहे की काय. "तुमास्नी ठाऊक न्हाय? चार महिनं कोल्हापूरला डोळ्यात इंजेक्शनं चाललीत. साखरेनं पडदा गेलाय. डावा तर गेलाच. उजव्यानं नुसती सावली दिसती. मला वाटलं, तुमास्नी सांगितलं असंल. शालूकाकूस्नी ठाऊक हाय की."

मी टेबलावरचं भिंग उचललं.

"ही साडी शेवटची म्हणालते. अकरा फासळ्या व्हायला पायजेत म्हणून तुमच्याकडनं तीनदा मोजून घेतल्या, तरी माझ्याच हातनं बारा झाल्या, म्हणाले. काल त्या रचनाला फोन करून चूक कबूल केली. दिसत न्हाय ते सोसलं ओ काका त्यांनी. हात चुकला म्हणून परवापासनं जेवले न्हाईत."

ती गेल्यावर शालूला विचारलं, का नाही सांगितलंस? ती म्हणाली, "त्यांनीच सांगू नको म्हटलं. नागेंद्रला कळलं तर त्यो माझी भोकंसुद्धा दयेनं पाडंल, म्हणाले."

मी मागची पानं उघडून वाचली. काळा चष्मा. बाजारात हात वर केला ते. तिळगूळ. वाच की रं, काय लिवलंय. सगळं मीच लिहिलंय, माझ्याच अक्षरात.

गुरुवार, १३ फेब्रुवारी

सांगितलं नाही तर काही होणार नाही. खरा ग्राफ माझ्या कपाटात आहे आणि कुमार तो वाचू शकत नाही. फळी माझ्या टेबलावर आहे. खिडकीजवळची जागा रिकामी आहे. दुपारी मी तिथं बसून बघितलं. उजेड चांगला येतो. चाळीस वर्षं मला ती जागा पाहिजे होती. फळीवर कोरा कागद लावला, पेन घेतलं आणि एक तास बसलो. एक मोर आला. कुमारचा होता तो, त्याच्या वीस वर्षांपूर्वीच्या नक्षीतला.

उठलो.

शनिवार, १५ फेब्रुवारी

कार्डांची माळ पिशवीत घालून कुमारकडे गेलो. ग्राफ नेऊन उपयोग नव्हता. भोकं मात्र बोटांना कळतात.

तो दारात ऊन खात बसला होता. "कोण?"

"मी." माळ त्याच्या मांडीवर ठेवली. "वाच."

त्यानं पहिल्या कार्डावर बोट ठेवलं. मग दुसऱ्यावर. सगळी नक्षी त्याला पाठ होती. डोकं सरलं, डोळा सरला, तो डोळ्यापाशी हसलासुद्धा. एकेक कार्ड सरकवत फासळ्या मोजत गेला. चाळीस वर्षांत माझी कार्डं कोणी अशी बघितली नव्हती. सहावीनंतर बोट थांबलं. मागं आला. पुढं गेला.

"ह्ये माझं न्हवं."

"न्हाय."

"मग?"

"माझं. मुद्दाम घातलं. तुझी फजिती व्हावी म्हणून."

बोललो. कुमार ती आठ कार्डं पुन्हा पुन्हा चाचपत होता.

"दोन्ही अंगांनी एकेक भोक आत घेतलंस."

"व्हय."

"म्हणून खपलं. यल्लव्वालाबी कळलं न्हाय." पुन्हा बोट फिरवलं. "झ्याक काढलंयस रं."

चाळीस वर्षं मी या वाक्याची वाट बघितली होती. मला रडू आलं. त्याला दिसलं नाही, की दिसलं, मला माहीत नाही.

मग त्यानं माळ गोळा केली, माझ्याकडे ढकलली आणि म्हणाला, "आता ऊठ. माझ्या दारातनं जा."

बुधवार, २६ फेब्रुवारी

आठ कार्डं काढून माळ पुन्हा ओवली. यल्लव्वानं दहा दिवस माग सोडला नाही. आज दुसरी साडी उतरली. अकरा. मी मोजल्या, शालूनं मोजल्या, यल्लव्वानं कन्नडमध्ये मोजल्या.

रचनाला फोन करून सांगितलं, चूक कुमारची नव्हती, कार्डात झाली, म्हणजे माझी. मुद्दाम केली हे सांगितलं नाही. तेवढा मी अजून मोठा झालेलो नाही. चाळीस वर्षांत भोक चुकलं नाही, हे आता मला कुणाला सांगता येणार नाही.

पहिली साडी शालूनं ट्रंकेत ठेवली. पदरी पडलं पवित्र झालं, म्हणाली.

शुक्रवार, २८ फेब्रुवारी

समारंभ झाला. माधवी मॅडमनी पदर उलगडला आणि खरंच, आधी मोजल्या. बोट लावून, ओठ हलवत. अकरावर थांबल्या. मग डोळा बघितला आणि खुर्चीत बसल्या. म्हणाल्या, "तीस वर्षं मी याला दाखवत होते. आज यानं मला बघितलं." टाळ्या पडल्या. कुमारला धरून उभं केलं. पुन्हा टाळ्या. माझ्या पोटात दुखलं. सुंभ जळला तरी पीळ जात नाही. पण बेंबीच्या वर नाही, जरा बाजूला.

नंतर पेढे आले. कुमार एकटाच बसला होता. आरोही पाणी आणायला गेलेली. शेजारच्या खुर्चीत मी बसलो, बोललो नाही. त्यानं पेढ्याचा अर्धा तुकडा मोडला आणि हात पुढं केला, माझ्यापासून वीतभर लांब, मोकळ्या हवेत.

मी माझा हात तिथं नेला.

त्याची बोटं माझ्या बोटांवरून फिरली. भोकं पाडायच्या पंचाची मूठ धरून धरून माझ्या अंगठ्याला गाठ आलीय, तिथं थांबली.

"मोजल्या का तिनं?"

"मोजल्या. अकरा."

"आन ती आठ कार्डं?"

"जाळली."

"खोटं. तू जल्मात एक कार्ड जाळलं न्हाईस." पेढा माझ्या हातात दाबला. "सोमवारी घिऊन ये. बघतो."